रिपॅक म्हणजे जतन नव्हे! मग जतन करतंय कोण?

पिक्सेलपंत

"रिपॅकवाले नसते तर जुने गेम केव्हाच नामशेष झाले असते." हे वाक्य इथे अधूनमधून कुणीतरी टाकतं, मूळ विषय बाजूला राहतो आणि हाणामारी सुरू होते. म्हणून हा वेगळा धागा. (नवख्यांसाठी: रिपॅक म्हणजे गेमची कुलूप तोडलेली प्रत कॉम्प्रेस करून, म्हणजे दाबून, लहान साइजमध्ये पुन्हा बांधलेला अनधिकृत इन्स्टॉलर.) लिंका, साइटची नावं, 'कुठून उतरवू' छापाचे प्रश्न कृपया नकोत.

माझं मत आधीच सांगून टाकतो. रिपॅक करणाऱ्यांच्या कारागिरीबद्दल मला आदर आहे. पण त्यातून जे बाहेर पडतं त्याला जतन म्हणणं मला पटत नाही.

आत काय चालतं ते बघा. मोठ्या गेमच्या फायलींमधला बराच डेटा झेडलिबसारख्या पद्धतीने आधीच दाबलेला असतो. दाबलेलं पुन्हा दाबून हाती काही लागत नाही. म्हणून रिपॅकर प्रीकॉम्पसारखं साधन वापरून आधी ते आतलं दाबकाम सोडवतो. डेटा फुगतो, पण मग त्यातली पुनरावृत्ती उघडी पडते. तेच टेक्श्चर, तेच आवाज, प्रत्येक लेव्हलच्या फाईलमध्ये वेगळे भरलेले असतात. एसरेपसारखं साधन ही लांब लांब अंतरावरची पुनरावृत्ती काढून टाकतं आणि शेवटी एलझेडएमएच्या जातकुळीतला कॉम्प्रेसर फिरतो. तुमच्या मशीनवर हे सगळं उलट्या क्रमाने होतं. त्यातही मेख अशी, की झेडलिबने दाबलेला डेटा मूळ फाईलमध्ये जसा होता तसाच, बिट न बिट, पुन्हा बांधावा लागतो. नाहीतर गेम फाईल उघडणारच नाही. म्हणून इन्स्टॉलर सगळे कोअर कामाला जुंपून बसतो आणि शेवटी हॅश (फाईलमधल्या डेटावरून काढलेला ओळखक्रमांक) ताडून बघतो.

इथपर्यंत ठीक. गोची पुढे आहे. ताडलेला हॅश कशाचा? रिपॅकरकडे जी प्रत होती तिचा. त्या प्रतीतली गेम सुरू करणारी एक्झी फाईल आधीच क्रॅक झालेली (कॉपी रोखणारं कुलूप तोडलेली), स्टीम या ऑनलाइन दुकानाची डीएलएल फाईल बदललेली, दुकानाच्या मॅनिफेस्ट (यादीच्या) फायली गायब, 'नको त्या' भाषा वगळलेल्या. काही रिपॅकमध्ये व्हिडिओ कमी बिटरेटवर पुन्हा एन्कोड केलेले. दुकानातून आलेली मूळ प्रत कशी होती, हे त्यावरून परत काढता येत नाही. पूर्वीचे 'रिप' तर याहून वाईट होते. मोडेमच्या काळात साइज कमी करायला गाणी आणि कटसीन सरळ कापून टाकायचे.

आता दुसरी बाजू, कारण ती नाकारून चालणार नाही. अधिकृत प्रतही मूळ राहत नाही! 'जीटीए सॅन अँड्रियास'मधली काही गाणी २०१४ च्या स्टीम अपडेटने काढली, 'जीटीए ४' मधली २०१८ मध्ये. कारण एकच, संगीताचा परवाना संपला. ज्याने पैसे मोजून गेम घेतला त्याच्याही कॉम्प्युटरमधून गाणी गेली. 'अ‍ॅलन वेक' तर मे २०१७ मध्ये याच कारणाने दुकानांतून उतरला, तो ऑक्टोबर २०१८ ला परत आला. मधल्या काळात नवीन माणसाने तो डिजिटल दुकानातून कायदेशीरपणे घ्यायचा कसा, याचं उत्तर 'घ्यायचा नाही' एवढंच होतं.

म्हणजे दुकान भरवशाचं नाही आणि रिपॅकही मूळ नाही. तुमचा अनुभव आणि मतं येऊ द्या.

---

जुनाट_जॉयस्टिक

पंत, लेख आवडला, पण निष्कर्षाशी असहमत. 'मूळ प्रत' ही चैन आहे. अ‍ॅपल टू च्या काळातले कितीतरी गेम आज फक्त क्रॅक केलेल्या प्रतींच्या रूपात उरलेत, कारण मूळ फ्लॉपीवरचं कॉपी प्रोटेक्शन साध्या पद्धतीने उतरवताच येत नव्हतं आणि फ्लॉपी तर सडल्या. '४एएम' या टोपणनावाने काम करणाऱ्या व्यक्तीने हेच ओळखून मूळ फ्लॉपी गोळा करून त्यांचं प्रोटेक्शन काढायचा उद्योग केला. स्वतःच्या नावाचा स्क्रीन नाही, काही कापाकापी नाही, आणि कुठला बाइट का बदलला याची टिपणं सोबत. हा माणूस क्रॅकर की संग्राहक?

आणि कंपन्यांचं सोवळं किती, तेही ऐका. २००८ मध्ये 'रेनबो सिक्स व्हेगस २' च्या डाउनलोड आवृत्तीला डिस्क मागण्याची खोड लागली. युबिसॉफ्टने त्यावर दिलेली दुरुस्ती म्हणजे रिलोडेड या क्रॅकर गटाचा नो-सीडी क्रॅक निघाला. २०१० मध्ये स्टीमवर विकत मिळणाऱ्या 'मॅक्स पेन २' ची एक्झी कुणीतरी हेक्स एडिटरमध्ये उघडली तर आत रेझर १९११ या क्रॅकर गटाचा अक्षरांनी काढलेला लोगो! रॉकस्टारने आपल्याच गेमचा चोरांनी फोडलेला तुकडा दुकानात मांडला होता. मग चोर कोण, साव कोण?

---

खोडरबर

इतकं काय आहे त्यात? गेम विकत घ्या, खेळा. परवडत नसेल तर सेलची वाट बघा. विषय संपला.

---

शेवटचा_बॉस

@खोडरबर, 'पी.टी.' कुठून विकत घेऊ? ऑगस्ट २०१४ मध्ये पीएस४ वर आला, २०१५ मध्ये कोनामीने काढून घेतला. बरं तो विकायला नव्हताच, फुकट होता. ज्यांच्या कन्सोलवर उतरलेला होता त्यांच्याकडे राहिला, एवढंच. ३डीएस आणि वी यू चं दुकान निन्टेंडोने २७ मार्च २०२३ ला बंद केलं. तिथे फक्त डिजिटल आलेले गेम आता कुठल्या सेलमध्ये मिळतील?

---

कलमकसाई

धागा चांगला आहे, पण कायद्याच्या बाजूने खिचडी होऊ लागली आहे, म्हणून थोडं सविस्तर. (हा सल्ला नव्हे. स्वतःच्या भानगडीसाठी स्वतःचा वकील गाठा.)

रिपॅक हा एकच गुन्हा नाही, तीन-चार वेगवेगळ्या गोष्टी एका पोत्यात आहेत. प्रत काढणं, त्यात बदल करणं, ती लोकांना वाटणं, आणि कॉपी रोखणारं डिजिटल कुलूप तोडणं. पहिल्या तिन्हींवर कॉपीराइटचा जुना कायदा लागतो. चौथ्यासाठी अमेरिकेत १९९८ चा डीएमसीए हा डिजिटल कॉपीराइटचा कायदा, त्याचं कलम १२०१. त्याची खासियत अशी की तुम्ही गेम विकत घेतलेला असला, कुणालाही वाटला नसला, तरी कुलूप तोडणं हाच स्वतंत्र दोष ठरू शकतो. भारताच्या कायद्यात २०१२ साली आलेलं कलम ६५अ यापेक्षा वेगळं आहे. तिथे हक्कभंग करण्याच्या हेतूने कुलूप तोडलं तर शिक्षा आहे. हेतूची ही अट छोटी दिसते, पण जतनाच्या दृष्टीने जमीन-अस्मानाचा फरक पडतो. मात्र हा आधार घेऊन कुणी रिपॅक वाटायला बसू नये. वाटप केलं की हेतूचा प्रश्नच उरत नाही.

आता 'अबँडनवेअर', म्हणजे मालकाने वाऱ्यावर सोडलेलं सॉफ्टवेअर. असा प्रकार कायद्यात नाही. कंपनी बुडाली, दुकान बंद झालं, गेम वीस वर्षं विकला गेला नाही, तरी हक्क कुणाच्या तरी कपाटात पडलेले असतातच. अमेरिकेत कंपनीच्या नावावरचं काम प्रकाशनापासून ९५ वर्षं संरक्षित. १९८५ चा गेम २०८० संपेपर्यंत सुटत नाही. तोवर तो वाचणारं उपकरण शिल्लक राहील का, याची कायद्याला फिकीर नाही.

अमेरिकेत दर तीन वर्षांनी कलम १२०१ ला अपवाद मागता येतात. २०१५ मध्ये पहिल्यांदा, ज्या गेमचा ओळख पटवणारा सर्व्हर कंपनीने बंद केला आहे, त्यांच्यासाठी थोडी वाट मोकळी झाली. २०१८ मध्ये ग्रंथालयं आणि संग्रहालयांना सर्व्हरवर चालणाऱ्या गेमसाठीही काही मुभा मिळाली, पण त्यांच्या इमारतीच्या आतच. २०२१ मध्ये इतर सॉफ्टवेअरच्या बाबतीत ही इमारतीची अट काढली आणि गेमसाठी तशीच ठेवली. २०२४ मध्ये ती काढावी म्हणून पुन्हा अर्ज झाला, उद्योगाच्या ईएसए या संघटनेने विरोध केला, आणि अर्ज फेटाळला गेला. म्हणजे अभ्यासकाला एखादा गेम बघायचा तर विमानाने त्या ग्रंथालयात जायचं.

कारवाईचं म्हणाल तर ती बहुधा वाटणाऱ्यांवर आणि कुलूपतोड्यांवर होते. मार्च २०२४ मध्ये युझू या एम्युलेटरच्या (कन्सोलची नक्कल करून त्याचे गेम कॉम्प्युटरवर चालवणाऱ्या प्रोग्रामच्या) मंडळींनी निन्टेंडोशी २४ लाख डॉलरवर तडजोड करून गाशा गुंडाळला. कन्सोलची कुलपं तोडणारी साधनं विकणाऱ्या टीम एक्झिक्यूटर या गटाच्या प्रकरणात २०२२ मध्ये एकाला ४० महिन्यांची कैद झाली. एम्युलेटर मात्र मुळात बेकायदा नाही. २००० सालच्या सोनी विरुद्ध कनेक्टिक्स खटल्यात अमेरिकी अपील न्यायालयाने हे स्पष्ट केलं आहे.

---

पिक्सेलपंत

@कलमकसाई, प्रतिसाद साठवून ठेवला. हेतूच्या अटीचं माहीत नव्हतं.

@जुनाट_जॉयस्टिक, तुमचं '४एएम'चं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे की! कुठला बाइट बदलला याची नोंद आहे, बाकी सगळं जसंच्या तसं. रिपॅकसोबत अशी टिपणं कधी पाहिलीत का? तिथे गटाचा लोगो, पार्श्वसंगीत, आणि 'अँटिव्हायरस बंद करा' ही सूचना.

---

उंदीरपकड

त्या शेवटच्या सूचनेबद्दलच बोलतो, कारण माझं कामच ते आहे. क्रॅक केलेल्या डीएलएलवर अँटिव्हायरस बऱ्याचदा उगाच ओरडतो हे खरं. पण त्यामुळे लोकांना इशारा दुर्लक्षायची सवय लागते, आणि प्रसिद्ध रिपॅकरच्या नावाने बनावट साइट उघडणारे नेमके याच सवयीवर जगतात. खरा इन्स्टॉलर आणि खोटा इन्स्टॉलर दोघेही अ‍ॅडमिनचे अधिकार मागतात, दोघेही तासभर सीपीयू खातात. त्या तासाभरात चोरून क्रिप्टोचलन खोदणारा मायनर बसला की ब्राउझरचे पासवर्ड गेले, हे माणसाला कळतच नाही. संग्रहाची वस्तू म्हणून तर असली फाईल कुठलाही शहाणा माणूस हातात घेणार नाही.

---

तळघर

मी फावल्या वेळात डिस्क डंपिंग (डिस्कवरचा डेटा जसाच्या तसा उतरवून घेणं) करते, त्यामुळे थोडी भर.

रीडम्प आणि नो-इंट्रो हे दोन प्रकल्प या धाग्यात अजून आले कसे नाहीत याचं नवल वाटलं. रीडम्प डिस्कसाठी, नो-इंट्रो मुख्यतः कार्ट्रिजसाठी. दोघांचं मुख्य काम गेम वाटणं नाही, नोंदी ठेवणं आहे. या डिस्कचा साइज एवढा, सीआरसी३२, एमडी५ आणि एसएचए-१ हे हॅश असे, डिस्कच्या आतल्या कडेला कोरलेला क्रमांक असा. दुसऱ्या कुणी आपल्याकडची डिस्क स्वतंत्रपणे वाचली आणि तेच हॅश आले, तर नोंद पक्की होते. रिपॅकमध्ये 'माझ्यावर विश्वास ठेवा' असतं, इथे 'स्वतः ताडून बघा' असतं. माझ्या लेखी जतन आणि साठवण यांतला फरक हाच.

तरीही मी रिपॅकवाल्यांना शिव्या देत नाही. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन आणि सॉफ्टवेअर प्रिझर्वेशन नेटवर्क यांनी जुलै २०२३ मध्ये अभ्यास प्रसिद्ध केला. अमेरिकेत २०१० पूर्वी आलेल्या गेमपैकी ८७ टक्के त्या वेळी अधिकृतपणे मिळत नव्हते, असं त्यात निघालं. दारं एवढी बंद असतील तर लोक खिडकीतून येणारच.

आणि खरं सांगायचं तर डिस्कचं युग सोपं होतं. आजचा डिजिटल गेम 'मूळ' म्हणून कधी पकडायचा? पहिल्या दिवशीचा, की चाळिसाव्या पॅचनंतरचा? दोन्ही ठेवायला हवेत आणि कायदेशीर खरेदीदाराकडे तर शेवटचाच उरतो.

---

लेव्हल_तीन

पॅचवरून लिहावंसं वाटलं. मी एका छोट्या स्टुडिओत लेव्हल डिझाइन करायचो. आमचा गेम आला, बेताचा चालला, स्टुडिओ बंद पडला, आणि सोर्स ठेवलेला सर्व्हर भाडं थकल्यावर पुसला गेला. प्रकाशकाने गेम दुकानातून उतरवला. पुढे नोकरीच्या मुलाखतीसाठी मला माझंच काम दाखवायचं होतं, तर ते फक्त एका रिपॅकमध्ये सापडलं.

इथे जुनाटराव 'बघा!' म्हणतील. थांबा. तो रिपॅक १.० आवृत्तीचा होता. १.० मध्ये माझ्या लेव्हलमधली लिफ्ट अडकायची. खेळाडू आत शिरला, दार बंद झालं की लिफ्ट हलायची नाही, आणि ऑटोसेव्ह नेमका दार बंद झाल्यावर व्हायचा. १.१ मध्ये आम्ही ते ट्रिगर दुरुस्त केलं होतं. १.१ आज कुठेही नाही. जगाकडे माझ्या कामाची जी एकमेव प्रत आहे ती तुटलेली आहे, आणि त्यात श्रेयनामावलीचा व्हिडिओही नाही, कारण साइज वाचवायला तो काढलेला.

राग आला का? नाही. ते तरी ठेवलं कुणीतरी. पण याला जतन म्हणू नका, एवढं पंतांचं बरोबर आहे.

---

जुनाट_जॉयस्टिक

@लेव्हल_तीन, वाचून वाईट वाटलं. पण 'ते तरी ठेवलं कुणीतरी' हे वाक्य मी पदरात पाडून घेतो :)

---

सोर्सपोथी

सगळे एकाच प्रकारच्या रिपॅकवर बोलताय. अनधिकृत पण कायदेशीर बांधणी हाही प्रकार आहे आणि तो जतनाला कितीतरी जास्त उपयोगी पडला आहे.

'डूम'चा सोर्स आयडी सॉफ्टवेअरने १९९७ मध्ये खुला केला, पुढे १९९९ मध्ये तो जीपीएल या खुल्या परवान्याखाली आला. लेव्हल आणि चित्रं असलेल्या वॅड फायली मात्र कॉपीराइटखालीच राहिल्या. त्यामुळे इंजिन, म्हणजे गेम चालवणारा कोड, कुणीही बांधावं, वाटावं. डेटा ज्याचा त्याने आणावा. जुने साहसी गेम चालवणाऱ्या स्कमव्हीएमचंही तसंच. 'बिनीथ अ स्टील स्काय' तर हक्कधारकांनी २००३ मध्ये फुकट वाटायला परवानगी दिली, म्हणून आज तो लिनक्सच्या वितरणांमध्ये सरळ पॅकेज म्हणून मिळतो. डेबियन या लिनक्स वितरणात गेम-डेटा-पॅकेजर नावाचं साधन आहे. तुम्ही विकत घेतलेली डिस्क द्यायची, ते तुमच्याच मशीनवर फायलींचे हॅश तपासून नीट पॅकेज बांधून देतं. रिपॅकची सगळी सोय, वाटप शून्य. प्रसिद्धी मात्र या लोकांना मिळत नाही.

गॉग या ऑनलाइन दुकानाचंही नाव घ्यायला हवं. २००८ पासून डीआरएम (कॉपी रोखणारं कुलूप) नसलेले इन्स्टॉलर विकतात, आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये शंभर गेम घेऊन जतन कार्यक्रम सुरू केला. धंदाच आहे, पण इन्स्टॉलर डिस्कवर काढून ठेवता येतो, हे महत्त्वाचं.

---

शेवटचा_बॉस

सर्व्हरवर चालणाऱ्या गेमला यातलं काहीच लागू पडत नाही ना पण? 'द क्रू' घ्या. २०१४ चा गेम. युबिसॉफ्टने ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद केले आणि एकट्याने खेळायचा भागही मेला, कारण तोही सर्व्हरशी बोलल्याशिवाय चालत नव्हता. डिस्क कपाटात आहे, हॅश रीडम्पशी जुळतो, आणि गेम सुरू होत नाही. तळघरताईंच्या पद्धतीने जतन पूर्ण, आणि खेळायला शून्य. रिपॅकरही इथे काही करू शकत नाही, जी गोष्ट कधी ग्राहकाकडे आलीच नाही ती तो दाबणार कशी?

म्हणूनच 'स्टॉप किलिंग गेम्स' मोहीम निघाली. युरोपीय संघातल्या त्यांच्या नागरिक उपक्रमाने जुलै २०२५ मध्ये दहा लाख सह्यांचा टप्पा ओलांडला. मागणी साधी आहे. सर्व्हर कायम चालवा असं कुणी म्हणत नाही, बंद करताना गेम खेळण्याजोगा ठेवून जा. कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून दुकानाला सांगावं लागतं की तुम्ही गेम नव्हे, परवाना घेताय. म्हणजे फसवणूक आता पाटी लावून.

---

कलमकसाई

पाटीला कमी लेखू नका. 'विकत घ्या' लिहिलेलं बटण आणि 'परवाना' लिहिलेली अट यांतल्या विसंगतीवरच पुढचे खटले उभे राहतील. बाकी सर्व्हरच्या मुद्द्यावर सहमत. कुलूपतोडीचे कितीही अपवाद दिले तरी जे कंपनीच्या सर्व्हरवरच होतं ते त्यातून मिळत नाही. तिथे अपवाद पुरत नाही, बंधन घालावं लागेल.

---

खोडरबर

बरं, 'पी.टी.' आणि 'द क्रू' मान्य. पण प्रामाणिकपणे सांगा, रिपॅक उतरवणाऱ्यांतले किती जण दुकानातून गेलेले गेम उतरवतात? गेल्या आठवड्यात आलेला गेम उतरवायचा आणि तोंडाने जतन जतन म्हणायचं, याला माझ्याकडे एकच शब्द आहे, तो इथे चालणार नाही.

---

पिक्सेलपंत

@खोडरबर, यावर मात्र पूर्ण सहमत. नव्या गेमच्या रिपॅकला जतनाचा मुलामा देणाऱ्यांमुळेच खऱ्या संग्राहकांची बाजू न्यायालयात आणि सुनावण्यांत कमकुवत होते. उद्योगवाले बोट दाखवायला मोकळे.

---

नवखी_ज्योत

खूप माहितीपूर्ण धागा. एक शंका. माझ्याकडे दादाच्या जुन्या पीसी गेमच्या मूळ डिस्क आहेत, सेफडिस्क हे कॉपी प्रोटेक्शन असलेल्या. इमेज काढायला गेले तर एरर येतात. खराब झाल्या असतील का? आणि विंडोज १० वर त्या चालतच नाहीत.

---

तळघर

@नवखी_ज्योत, लगेच टाकून देऊ नकोस! सेफडिस्कमध्ये डिस्कच्या सुरुवातीच्या भागात मुद्दाम वाचता न येणारे सेक्टर घातलेले असतात. ती डिस्क खरी असल्याची खूणच ती. एरर फक्त त्या एका पट्ट्यात येत असतील आणि पुढे वाचन सुरळीत असेल तर डिस्क बहुधा ठणठणीत आहे. एरर सगळीकडे विखुरलेले असतील तर काळजी कर. डिस्क उजेडापुढे धरून बारीक छिद्रं दिसतात का तेही बघ.

चालत नाहीत त्याचं कारण वेगळं. सेफडिस्कला सेकड्रीव्ह नावाचा ड्रायव्हर लागतो. त्यात सुरक्षेची भोकं होती, म्हणून मायक्रोसॉफ्टने विंडोज १० मध्ये तो घेतलाच नाही आणि २०१५ च्या सुरक्षा अपडेटने जुन्या विंडोजवरही बंद केला. तो ड्रायव्हर कुठून तरी आणून बसवू नकोस. जुनं विंडोज आभासी मशीनमध्ये, नेटपासून तोडून, हा त्यातल्या त्यात बरा मार्ग.

इमेज काढताना एररवर न थांबता पुढे जाणारं डंपिंग साधन वापर. सिक्युरॉम या दुसऱ्या कॉपी प्रोटेक्शनवाली डिस्क असेल तर सबचॅनल डेटाही (मुख्य डेटासोबत असलेला जोडडेटा) घे, नाहीतर प्रत अपुरी राहते. दोनदा वाच, हॅश जुळतात का बघ. मॅन्युअल, कव्हर आणि आतल्या कडेचा क्रमांक यांचे फोटोही काढ. गेमची नावं इथे टाक, कुठल्या आवृत्तीची नोंद अजून झालेली नाही ते बघून सांगते.